अस्मानातून पडलेले नाव

लखनौला गेलेला प्रवासी इमामबाडा पाहतो, रूमी दरवाजा पाहतो, चिकनचे कुर्ते घेतो आणि परततो. तारेवाली कोठी मात्र फारसे कोणी पाहत नाही. नवाब नसिरुद्दीन हैदर यांच्या काळात ही कोठी वेधशाळा म्हणून बांधायला घेतली गेली. कर्नल रिचर्ड विलकॉक्स या इंग्रज अधिकाऱ्याकडे तिची जबाबदारी होती. तिथे दुर्बिणी होत्या, आकाशाची निरीक्षणे होत होती, वह्या भरत होत्या. पण विलकॉक्स वारले आणि 1849 साली नवाब वाजिद अली शाह यांनी वेधशाळा बंद केली. 1857 च्या धामधुमीत तिथली उपकरणेही गेली. नावातले तारे तेवढे उरले. पुढे या वास्तूत बँकेचा कारभार सुरू झाला.

वेधशाळा बंद होऊन जेमतेम तीन वर्षे झाली होती. 2 डिसेंबर 1852 रोजी, लखनौच्या पूर्वेला सुमारे दोनशे किलोमीटरवर असलेल्या बस्ती या ठिकाणी आकाशातून एक दगड पडला. हा मुलूख 1801 पर्यंत अवधच्या नवाबांचा होता. नंतर तो इंग्रजांकडे गेला आणि गोरखपूर जिल्ह्यात मोडू लागला. बस्ती हा स्वतंत्र जिल्हा झाला तो 1865 साली. दगड लहानसाच होता, वजन दीड किलोच्या आसपास. एखाद्या घरच्या पाट्यावरचा वरवंटा याहून जड असेल. पण या एवढ्याशा दगडाने विज्ञानाला दोन नवी खनिजे दिली आणि खनिजांबरोबर दोन नावेही. त्यातले एक नाव ‘ओल्डहॅमाइट’.

या दुर्मिळ खनिजाच्या नावाचा अर्थ काय, ते कुठे वापरायचे, कुठे वापरायचे नाही आणि त्याच्या सख्ख्या भावंडांत एक संस्कृत नाव होते ते कुठे गेले, ही गोष्ट ऐकण्यासारखी आहे.

न खणता मिळालेले खनिज

आधी ‘खनिज’ हाच शब्द घेऊ. ‘खन्’ म्हणजे खणणे आणि ‘ज’ म्हणजे जन्मलेले. खणल्यावर हाती लागते ते खनिज. खाण, खंदक, खणती हे सगळे याच कुळातले शब्द. पण ओल्डहॅमाइट कोणी खणून काढले नाही. ते वरून आले. म्हणजे जे नाव आपण साऱ्या जातीला दिले, ते या खनिजाला व्युत्पत्तीने लागूच पडत नाही.

ते वरूनच का यावे लागले, याचे कारण त्याच्या स्वभावात आहे. ओल्डहॅमाइट म्हणजे कॅल्शियम आणि गंधक यांचे साधे संयुग, कॅल्शियम सल्फाइड. कॅल्शियम आपल्या चुन्यात आहे, हाडांत आहे. गंधक तर दिवाळीच्या फटाक्यांपासून ओळखीचे आहे. दोन्ही मूलद्रव्ये पृथ्वीवर विपुल आहेत. तरीही त्यांची ही जोडी मोकळ्या हवेत टिकत नाही. दमट हवा लागली, पाणी लागले की ती फुटते. गंधक वायूच्या रूपाने निघून जाते आणि कुजक्या अंड्यासारखा वास सुटतो. मागे उरतो तो चुना. जिथे पाऊस पडतो आणि हवेत प्राणवायू आहे, अशा ग्रहाच्या पृष्ठभागावर या खनिजाचा संसार होणे कठीण.

अवकाशात मात्र असे काही पाषाण घडले, की त्यांच्या जन्माच्या वेळी आसपास प्राणवायू अगदी कमी होता आणि पाण्याचा लवलेश नव्हता. तिथे कॅल्शियमने प्राणवायूऐवजी गंधकाचा हात धरला. बस्तीचा दगड हा अशा दुर्मिळ घराण्यातला. तो फोडून पाहिला तेव्हा त्यात तांबूस तपकिरी रंगाचे बारीक गोल कण दिसले. हेच ते खनिज.

नाव कसे घडले?

हा दगड ज्यांच्या हातून लंडनला गेला, ते गोरखपूर भागातील जॉर्ज ऑस्बोर्न नावाचे इंग्रज गृहस्थ. लंडनमध्ये ब्रिटिश म्युझियमच्या खनिज विभागाचे प्रमुख होते नेव्हिल स्टोरी-मॅस्केलिन. त्यांचे आजोबा नेव्हिल मॅस्केलिन ग्रीनिचच्या वेधशाळेचे राजज्योतिषी. आजोबांनी आयुष्यभर आकाशातले तारे पाहिले. आकाशातून पडलेले दगड तपासायचे काम नातवाने केले.

तपकिरी कणांना मॅस्केलिन यांनी 1862 साली ओल्डहॅमाइट म्हटले आणि 1870 साली या दगडाचे सविस्तर वर्णन प्रसिद्ध केले. हे नाव त्यांनी दिले टॉमस ओल्डहॅम यांच्यासाठी. ओल्डहॅम हे मूळचे आयर्लंडचे, जन्म 1816 चा. 1851 साली ते कलकत्त्याला आले आणि त्यांच्यापासून भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण या संस्थेचा कारभार सुरू झाला. पंचवीस वर्षे त्यांनी ती चालवली. देशातला कोळसा कुठे आहे, कोणत्या टेकडीचा दगड कोणत्या काळातला आहे, याची शिस्तशीर नोंद त्यांच्या काळात होऊ लागली. आज याच संस्थेच्या उत्तर विभागाचे मुख्यालय लखनौत आणि मध्य विभागाचे आपल्या नागपुरात आहे.

ओल्डहॅम हे आडनाव भूशास्त्रात पुढेही चालू राहिले. त्यांचे चिरंजीव रिचर्ड डिक्सन ओल्डहॅम याच संस्थेत आले. 12 जून 1897 रोजी आसामात झालेल्या भीषण भूकंपाचा त्यांनी अभ्यास केला आणि भूकंपाच्या लहरी कशा प्रवास करतात हे ताडत 1906 साली पृथ्वीच्या पोटात वेगळा गाभा असल्याचा पुरावा मांडला. वडिलांचे नाव आकाशातल्या दगडाला, मुलाचे नाव पृथ्वीच्या गाभ्याच्या शोधाला, असा हा योग.

आता शेवटचे ‘आइट’. ते आले ग्रीक भाषेतून. ‘अमक्याचा’, ‘अमक्याशी संबंधित’ असा त्याचा अर्थ. सांगलीचा तो सांगलीकर, तसे काहीसे. ही शेपटी आपण रोज वापरतो. पेन्सिलीतला ग्राफाइट म्हणजे ‘लिहिण्याचा’, कारण ग्रीकमध्ये लिहिण्याला तसा शब्द आहे. कोल्हापूर-रत्नागिरीकडे ज्याच्या खाणी आहेत तो बॉक्साइट म्हणजे फ्रान्समधल्या ले बो या गावचा. डोलोमाइट म्हणजे डोलोम्यू या फ्रेंच भूशास्त्रज्ञाचा. गुणावरून, गावावरून आणि माणसावरून, अशा तीन मुख्य वाटांनी खनिजांची नावे पडतात. चौथी वाट आधुनिक आहे. पुण्याजवळ वाघोलीच्या दगडखाणींत मोरपिशी निळ्या रंगाचे जे सुंदर स्फटिक मिळतात, त्यांचे नाव कॅव्हनसाइट. ते मूळ सापडले अमेरिकेतल्या ओरेगन राज्यात, पण त्याचे सर्वांत देखणे नमुने वाघोलीचे. कॅल्शियम, व्हॅनेडियम आणि सिलिकेट यांची आद्याक्षरे जोडून ते नाव केले आहे. त्यात ना गाव, ना माणूस, नुसती कृती.

सोनेरी ठिपक्याची ओळख

बस्तीच्या दगडात मॅस्केलिन यांना आणखी काही दिसले. तपकिरी कणांच्या आत सोन्यासारखे पिवळे, अगदी सूक्ष्म अष्टफलकी स्फटिक चमकत होते. याला त्यांनी दगड पाठवणाऱ्या ऑस्बोर्न यांचे नाव दिले, ऑस्बोर्नाइट. पण हा ऐवज इतका थोडा होता की तो नेमका कशाचा बनला आहे, हे त्या काळच्या रसायनशास्त्राला धड सांगता येईना. नाव ठेवले गेले, ओळख पटायची राहिली. घरात बारसे उरकावे आणि मूल कोणावर गेले आहे ते कळायला सत्तर वर्षे लागावीत, तसे झाले. 1941 साली बॅनिस्टर या शास्त्रज्ञाने क्ष-किरणांच्या साहाय्याने सिद्ध केले, की ऑस्बोर्नाइट म्हणजे टायटॅनियम नायट्राइड, टायटॅनियम आणि नायट्रोजन यांचे संयुग.

हे नाव अपरिचित वाटले तरी वस्तू अनेक घरांतून आहे. हार्डवेअरच्या दुकानात ड्रिल मशीनची पाती मागितली तर काही काळपट दिसतात आणि काही सोनेरी. त्या सोनेरी पात्यांवर सोन्याचा मुलामा असतो असे अनेकांना वाटते. तो बहुधा टायटॅनियम नायट्राइडचा पातळ थर असतो. तो अतिशय कठीण असतो, म्हणून पाते लवकर झिजत नाही. सोन्यासारख्या दिसणाऱ्या काही घड्याळांच्या पट्ट्यांवरही हाच थर असतो.

अवकाशात ऑस्बोर्नाइट तयार होते ते प्रचंड उष्णतेत. म्हणून 2006 साली जे घडले त्याचे शास्त्रज्ञांना नवल वाटले. ‘स्टारडस्ट’ हे अमेरिकी यान एका धूमकेतूची धूळ गोळा करून जानेवारी 2006 मध्ये परतले. धूमकेतू म्हणजे सूर्यमालेच्या काठावर गोठून राहिलेले बर्फाळ गोळे. त्यांच्या धुळीत बर्फाच्या वस्तीला शोभेल असेच काही मिळेल, असे वाटले होते. तिथे सापडलेल्या कणांत ऑस्बोर्नाइट निघाले. म्हणजे सूर्याच्या निकट, भट्टीसारख्या तापात जन्मलेले कण पार टोकापर्यंत वाहत गेले होते. सूर्यमाला घडताना तिच्यात केवढी घुसळण झाली असेल याची ती खूण. एका जॉर्ज ऑस्बोर्न यांचे नाव गोरखपूरहून निघाले ते असे धूमकेतूपर्यंत पोचले.

नाव वापरावे कुठे?

इथे एक बारकावा लक्षात ठेवण्यासारखा आहे. ड्रिलच्या पात्यावरचा थर आणि बस्तीच्या दगडातला सोनेरी स्फटिक हे रसायन म्हणून एकच. तरी पात्यावर ऑस्बोर्नाइट आहे असे म्हणणे चूक. तसेच कारखान्यात किंवा प्रयोगशाळेत केलेल्या कॅल्शियम सल्फाइडला ओल्डहॅमाइट म्हणत नाहीत. असे कॅल्शियम सल्फाइड माणूस फार पूर्वीपासून करत आला आहे. अठराव्या शतकात जॉन कँटन या इंग्रज शास्त्रज्ञाने कालवांचे शिंपले आणि गंधक एकत्र भाजून अंधारात चमकणारी पूड तयार केली, ती मुख्यतः हीच. पण खनिजाचे नाव लागते ते निसर्गाने घडवलेल्या पदार्थाला. माणसाने तोच पदार्थ केला तर त्याला त्याचे रासायनिक नाव पुरे.

सोपे उदाहरण बर्फाचे. हिमालयावरचा बर्फ हे शास्त्रानुसार खनिज आहे. फ्रिजमधला बर्फाचा खडा खनिज नाही. पाणी तेच, थंडी तीच, फरक फक्त जन्माचा.

या नियमाचे एक मजेदार टोक आहे. पृथ्वीच्या पोटात, साडेसहाशे किलोमीटरहून खोल, एक खनिज इतके आहे की पृथ्वीवर सर्वांत जास्त तेच असावे असे शास्त्रज्ञ मानतात. प्रयोगशाळेत ते करूनही पाहिले होते. तरी 2014 पर्यंत त्याला खनिजाचे नाव मिळाले नव्हते, कारण निसर्गात बनलेला, हाताळून तपासता येईल असा नमुना नव्हता. खोलवरचे आणणार कोण? शेवटी नमुना मिळाला तो ऑस्ट्रेलियात 1879 साली पडलेल्या एका उल्कापाषाणात आणि नाव ठरले ब्रिजमनाइट. आपल्या नागपूर जिल्ह्यात काटोलजवळ 22 मे 2012 रोजी जे उल्कापाषाण पडले, त्यांतही हे खनिज सापडल्याचे 2021 साली प्रसिद्ध झाले. जे पायाखाली अमाप आहे, त्याची ओळख पटवायला आकाशातून दगड पडावा लागला.

अश्म आणि अस्मान

आता त्या हरवलेल्या संस्कृत नावाकडे वळू. बस्तीनंतर मॅस्केलिन यांनी बोहेमियात मिळालेला ब्राइटेनबाख नावाचा उल्कापाषाण तपासायला घेतला. त्यात वाळूच्याच घटकांचे, म्हणजे सिलिकाचे, पण निराळ्या घडणीचे स्फटिक होते. त्यांना नाव काय द्यावे? या वेळी त्यांनी कोणा साहेबाचे नाव घेतले नाही. त्यांनी संस्कृतातला ‘अश्मन्’ हा शब्द घेतला आणि 1869 साली नाव ठेवले ‘अश्मनाइट’.

अश्मन् म्हणजे दगड. आणि अश्मन् म्हणजे इंद्राचे वज्रही, आकाशातून येऊन आदळणारे. उल्कापाषाणातल्या खनिजाला याहून चपखल शब्द मिळणे अवघड. मराठीत या शब्दाचा गोतावळा मोठा आहे. माणूस दगडाची हत्यारे वापरत होता ते अश्मयुग. प्राण्यांचे आणि झाडांचे दगड झालेले अवशेष ते जीवाश्म. वैद्य मुतखड्याला अश्मरी म्हणतात. प्राचीन काळी गोदावरीकाठच्या एका जनपदाचे नाव अश्मक. आकाशातून पडलेल्या दगडाला मराठी शास्त्रीय परिभाषेत अशनी म्हणतात, तोही मुळात वज्राचा, कोसळत्या विजेचा वाचक.

याहून नवलाची गोष्ट पुढेच आहे. इराणच्या प्राचीन अवेस्ता भाषेत याच शब्दाचे सख्खे भावंड आहे, ‘अस्मन्’. त्याचे दोन अर्थ, दगड आणि आकाश. आकाश हा डोक्यावरचा दगडी घुमट आहे, अशी त्या काळच्या लोकांची कल्पना होती. त्या अस्मन् पासून फारसीत झाले ‘आस्मान’. फारसी शब्द दरबाराबरोबर लखनौला आला आणि तिथल्या उर्दूत रुळला. तोच दक्षिणेत येऊन मराठी झाला. शेतकऱ्यावर अस्मानी कोसळते, सुलतानी कोसळते. कुस्तीत एक पैलवान दुसऱ्याला अस्मान दाखवतो. दुकानात बायका अस्मानी रंगाची साडी मागतात. म्हणजे लखनौचे आसमान, मराठीतले अस्मान आणि संस्कृतातला अश्म ही एकाच घरची माणसे. आकाश आणि दगड हे दोन अर्थ एका शब्दात हजारो वर्षे नांदत होते. बस्तीच्या लोकांनी 1852 साली ते दोन्ही एकत्र कोसळताना पाहिले.

हे नाव टिकले असते तर जगभरच्या खनिजशास्त्राच्या पुस्तकांत आपला अश्म राहिला असता. तसे झाले नाही. वर्षभर आधी, 1868 मध्ये, जर्मन शास्त्रज्ञ फोम राट यांनी मेक्सिकोतून आलेल्या दगडात एक खनिज ओळखून त्याला ट्रिडिमाइट असे नाव दिले होते. त्याचे स्फटिक तिळ्यांसारखे तिघे-तिघे चिकटलेले असतात, म्हणून ग्रीक भाषेतले तिळ्यांचे नाव. पुढे स्पष्ट झाले की अश्मनाइट आणि ट्रिडिमाइट एकच. नियम असा, की आधी ठेवलेले नाव खरे. अश्मनाइट बाद झाले. यात कोणाचा द्वेष नव्हता, दुजाभाव नव्हता. फक्त एका वर्षाचा उशीर होता. आता ते नाव जुन्या कोशांत ‘पाहा ट्रिडिमाइट’ एवढ्यापुरते उरले आहे.

नाव ठेवणाऱ्याचे नाव

शास्त्रात एक संकेत आहे. शोधणाऱ्याने आपल्या खनिजाला स्वतःचे नाव द्यायचे नाही. ते काम दुसऱ्याने करायचे. मॅस्केलिन यांनी इतरांची नावे लावली. त्यांचे नाव लावले ते व्हिएन्नाच्या गुस्ताव चेरमाक यांनी, आणि तेही भारतातच पडलेल्या दगडातल्या पदार्थाला. 25 ऑगस्ट 1865 रोजी बिहारमध्ये गया भागातल्या शेरघाटी इथे एक उल्कापाषाण पडला. त्यात काचेसारखा एक पदार्थ चेरमाक यांना दिसला आणि 1872 साली त्यांनी त्याला मॅस्केलिनाइट म्हटले. मूळचा स्फटिक प्रचंड आघाताने जागच्या जागी काचेसारखा होतो, तेव्हा हा पदार्थ तयार होतो. शेरघाटीचा दगड मंगळावरून उडालेला आहे, असा निष्कर्ष विसाव्या शतकाच्या अखेरीस निघाला. त्याच्या जातीच्या दगडांना आज जगभर शेरघाटीच्याच नावाने ओळखतात.

हे मॅस्केलिनाइट पाहायला मराठी माणसाला बिहारला जायची गरज नाही. बुलढाणा जिल्ह्यातले लोणार सरोवर सर्वांना ठाऊक आहे. सुमारे 1.8 किलोमीटर व्यासाचे ते विवर ज्वालामुखीचे की अवकाशातून आलेल्या आघाताचे, यावर पुष्कळ वर्षे वाद होता. 1973 साली शास्त्रज्ञांनी तिथल्या खोलवरच्या दगडांची तपासणी प्रसिद्ध केली आणि आघाताची बाजू पक्की झाली. त्या पुराव्यांत एक महत्त्वाचा पुरावा होता मॅस्केलिनाइटचा. ज्वालामुखीने दगड वितळतो, पण असा जागच्या जागी काच होत नाही. एका नावाने लोणारचा जुना वाद मिटवायला हातभार लावला. नाव बिनचूक ठेवलेले आणि बिनचूक वापरलेले असले की ते साक्षीदाराचे काम करते, ते असे.

मॅस्केलिन यांच्या 1870 च्या लेखात बस्तीच्या शेजारी आणखी एक गाव येते. ते आपले खानदेशातले मानेगाव. तिथे 29 जून 1843 रोजी उल्कापाषाण पडला होता.

नावात कोण नाही?

ओल्डहॅम आले, ऑस्बोर्न आले, मॅस्केलिन आले. ज्याच्या डोळ्यांदेखत बस्तीत दगड पडला, ज्याने तो मातीतून उचलला, तो कोण? या खनिजांच्या नावांत तो नाही. तो काळ तसा होता. ज्याच्या हाती टपाल होते आणि ज्याला इंग्रजीत पत्र लिहिता येत होते, त्याचे नाव लागे.

भारतातल्या गावांची नावे खनिजांना मिळाली नाहीत असे नाही. मध्य प्रदेशातल्या छिंदवाडा जिल्ह्यातील सीतापार गावावरून सीतापाराइट झाले. बालाघाट जिल्ह्यातील तिरोडीवरून तिरोडाइट झाले. पण दोन्ही नावे पुढे शास्त्राच्या यादीतून गळली. एक खनिज आधीच ज्ञात असलेले निघाले, दुसरे नव्या वर्गीकरणात बसेना. बोकारोच्या कोळसा क्षेत्रातून आलेले इंडियालाइट मात्र टिकले. अश्मनाइटचे जे झाले तेच सीतापाराइटचे. आज मान्य खनिजांची संख्या सहा हजारांच्या आसपास आहे आणि कोणते नाव राहील, कोणते जाईल, हे एक आंतरराष्ट्रीय समिती ठरवते.

तरी बस्तीच्या लोकांचा एक हक्क शाबूत राहिला. खनिजाला माणसाचे नाव मिळाले तरी उल्कापाषाणाला नाव मिळते ते तो जिथे पडला त्या ठिकाणाचे. जगातल्या प्रत्येक यादीत हा दगड जुन्या इंग्रजी वळणाने का होईना, ‘बस्ती’ म्हणूनच नोंदलेला आहे. आणि बस्ती म्हणजे काय? आपली वस्ती. माणसे जिथे राहतात ती जागा. ज्यांची नावे कोणी टिपून ठेवली नाहीत, त्या साऱ्यांचे मिळून ते एक नाव आहे.

दगड पडला तर काय करावे?

उल्कापाषाण पुढेही पडतीलच. ते शेतात पडतील, अंगणात पडतील. अशा वेळी काय करावे, हे घरातल्या मोठ्यांनी मुलांना सांगून ठेवावे.

पहिली गोष्ट, दगड धुऊ नये. माती लागली असेल तर राहू द्यावी. बस्तीचा दगड कोणी नीट स्वच्छ करायच्या हौसेने पाण्यात बुडवून ठेवला असता, तर त्यातल्या ओल्डहॅमाइटची नासाडी झाली असती आणि हे नावच कदाचित जन्माला आले नसते. दगडाला गंध, तेल, शेंदूर, दूध यांपैकी काहीही लावू नये. श्रद्धा असेल तर हात जोडावेत, पण कोरडे. दुसरी गोष्ट, तो हातोडीने फोडून वाटून घेऊ नये. स्वच्छ कोरड्या कागदात किंवा नव्या पिशवीत गुंडाळून ठेवावा.

तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची. तारीख, वेळ, जागा आणि प्रथम पाहणाऱ्याचे पूर्ण नाव लगेच लिहून ठेवावे. आवाज आला का, धूर दिसला का, दगड गरम होता का, खड्डा पडला का, हेही लिहावे. मग तलाठी, तहसील किंवा पोलीस यांच्यामार्फत भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाला कळवावे. देशात पडलेले उल्कापाषाण सांभाळण्याची जबाबदारी या संस्थेवर आहे. लखनौच्या बाजूच्या माणसाने लखनौच्या कार्यालयाला कळवावे, विदर्भातल्या माणसाने नागपूरच्या.

आणि अवघड नावाचा दगड दाखवून कोणी पैसे मागू लागला, हा आकाशातला आहे, याने भाग्य उजळते असे सांगू लागला, तर त्याला एकच विचारावे: हा कुठे पडला, केव्हा पडला आणि कोणी तपासला? ओल्डहॅमाइटला ही तिन्ही उत्तरे आहेत. बस्ती, 2 डिसेंबर 1852, मॅस्केलिन. ज्या नावामागे अशी उत्तरे नाहीत, ते नाव कितीही भारदस्त असो, त्यावर घामाचा पैसा लावू नये.

1852 साली बस्तीच्या माणसाचे नाव टिपायला कोणी नव्हते. आता गावोगावी शाळा आहेत, वह्या आहेत आणि पोराबाळांना लिहिता येते. पुढचा दगड पडेल तेव्हा पहिल्या ओळीत त्याला पाहणाऱ्याचे नाव असायला काही हरकत नाही.